संत थॉमस कॅथेड्रल : तीनशे वर्षांची वाटचाल

चर्चगेट हे नाव मुंबईकराच्या तोंडी दिवसातून चारदा तरी येते. ज्या चर्चमुळे ते नाव पडले ते चर्च कुठे आहे असे विचारले, तर मात्र दहातले आठ जण स्टेशनाच्या आसपास बघू लागतात. मुंबईच्या किल्ल्याला तीन दरवाजे होते : अपोलो, बाजार आणि चर्च. पश्चिमेच्या दरवाजातून आत शिरले की सरळ रस्ता संत थॉमसच्या चर्चकडे जाई, म्हणून तो चर्चगेट. दरवाजा १८६० नंतरच्या पाडापाडीत गेला आणि त्याचे नाव रेल्वेने उचलले. चर्च जागच्या जागी आहे, हॉर्निमन सर्कलच्या कडेला, आणि १७१८ च्या नाताळापासून तिथे उपासना चालू आहे. २०१८ च्या नाताळाला तिला तीनशे वर्षे पूर्ण झाली.

संस्थांचे इतिहास बहुधा गव्हर्नर, बिशप आणि अध्यक्ष यांच्या नावांनी भरतात. ती नावे इथेही येतील, कारण त्यांच्याशिवाय भिंती उभ्या राहिल्या नसत्या. पण चर्च म्हणजे मुळात रविवारी तिथे येऊन बसणारी मंडळी. या वास्तूत कोण बसले, कुठे बसले आणि कोण बाहेर उभे राहिले, हे पाहत गेले तर तीनशे वर्षांचा अर्थ अधिक चांगला लागतो असे मला वाटते.

१६७० चे दशक : भिंती उभ्या, छप्पर नाही

१६६८ मध्ये इंग्लंडच्या राजाने मुंबई बेट वर्षाला दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या हवाली केले. कंपनीचा मुख्य कारभार तेव्हा सुरतेच्या वखारीतून चाले. वखारीचे नियम कडक होते. सकाळ-संध्याकाळ प्रार्थना ठरलेली आणि चुकवणाऱ्याला दंड. मुंबईत प्रार्थना होत असे, चर्च मात्र नव्हते. पोर्तुगिजांची चर्चे रोमन कॅथलिक, तिथे या प्रॉटेस्टंट मंडळींची सोय होणार नव्हती. म्हणून किल्ल्यातलीच एक खोली उपासनेसाठी वापरली जाई.

१६६९ मध्ये गव्हर्नर झालेले जेराल्ड आँजिये हे दूरचे पाहणारे गृहस्थ. कोणत्याही धर्माच्या व्यापाऱ्याने मुंबईत यावे आणि आपला धर्म निर्धास्त पाळावा, हे धोरण त्यांचे. बेटावर सगळ्यांची देवळे, मशिदी, अग्यारी होतील आणि इंग्रजांना मात्र खोलीत बसावे लागेल, हे त्यांना पटणारे नव्हते. त्यांनी वर्गणी जमवायला सुरुवात केली आणि काम काढले. १६७५ मध्ये प्रभुभोजनासाठी चांदीचा प्यालाही दिला. पण १६७७ मध्ये सुरतेत त्यांचे निधन झाले आणि काम थांबले. भिंती साधारण पंधरा फूट वर आल्या होत्या. पुढची चाळीसेक वर्षे त्या तशाच, उघड्या आभाळाखाली राहिल्या.

जमलेल्या पैशांचे पुढे काय झाले याविषयी त्या काळच्या प्रवाशांनी बरेच काही लिहून ठेवले आहे. इथे ते हिशेब उघडण्यात अर्थ नाही. संबंधितांपैकी खुलासा करायला कोणी उरलेले नाही. एवढे मात्र म्हणायला हवे की तो काळच टिकून राहण्याचा नव्हता. दोन पावसाळे काढले म्हणजे माणसाचे आयुष्य झाले, असे मुंबईतले इंग्रज स्वतःच म्हणत. ताप, हगवण आणि दलदल यांतून वाचला तो पुढच्या जहाजाने निघून जाई. चर्चसाठी वर्गणी देणारा चर्च पाहायला शिल्लक राहीलच याची खात्री नसे.

१७१० चे दशक : पाद्री कॉब आणि वर्गणीची यादी

१७१४ मध्ये रिचर्ड कॉब नावाचे तरुण धर्मगुरू कंपनीचे पाद्री म्हणून मुंबईत आले. अर्धवट भिंतींवर उगवलेले गवत त्यांच्या डोळ्यांत खुपत राहिले. १७१५ मध्ये एका रविवारी, किल्ल्यातल्या त्या खोलीतच, त्यांनी देवाचे घर बांधण्यावर उपदेश केला. उपासना संपल्यावर गव्हर्नर विल्यम एसलाबी यांनी, आज चर्चविषयी फारच आवेश दिसला, असा शेरा मारला. कॉब यांनी तसे कारणच होते म्हणून नम्रपणे उत्तर दिले. त्यावर गव्हर्नरांनी वाद घातला नाही. चर्च हवे तर बांधू, पण पैसे जमवायचे आणि यादी करायची ती तुम्हीच, असे सांगून ते मोकळे झाले. महाराष्ट्रात आजवर जेवढी देवळे, वाचनालये आणि तालमी उभ्या राहिल्या, त्यांतल्या निम्म्यांचा इतिहास असाच सुरू होत असेल.

कॉब यादी घेऊन फिरले. कंपनीचे अधिकारी, जहाजांचे कप्तान, खासगी व्यापारी, दूरच्या वखारींतले लोक, कोणालाही त्यांनी सोडले नाही. कंपनीनेही आपला वाटा उचलला. १८ नोव्हेंबर १७१५ रोजी पायाचा दगड बसला. त्यानंतर आलेले गव्हर्नर चार्ल्स बून यांनी कामाला बळ दिले आणि तीन वर्षांत इमारत पुरी झाली. देणगीदारांची नावे कागदावर आहेत. दगड घडवणारे पाथरवट, चुना मळणारे मजूर, गवंडी, सुतार यांची नाहीत. आजच्या मुंबईतल्या सर्वांत जुन्या इंग्रजी वास्तूंपैकी ही एक. तिची कारागिरी त्यांच्या हातची आहे, हे नाव न सांगता का होईना, नोंदवले पाहिजे.

२५ डिसेंबर १७१८ चा पहिला दिवस कॉब यांनी पुढे तपशिलाने लिहून ठेवला. त्यांचे मुंबईच्या चर्चविषयीचे पुस्तक १७६६ मध्ये लंडनला छापले गेले. त्या दिवशी चर्च सजवले होते ते माडाच्या झावळ्यांनी आणि केळीच्या खुंटांनी. खांबांना हिरव्या पाल्याचे वेढे दिले होते, कमानींवर पानांचे क्रूस लावले होते. नाताळ विलायती असला तरी सजावट पूर्ण कोकणी, आणि ती ज्यांनी केली त्यांना केळीचे खुंट कुठे बांधायचे हे शिकवायची गरज पडली नसणार. गव्हर्नर बून लवाजम्यासह आले. उपासनेत एका बाळाचा बाप्तिस्मा झाला, गव्हर्नर स्वतः त्याचे धर्मपिता झाले. मग उपदेश, मग वस्त्रागारात नव्या चर्चच्या नावाने मद्याचा पेला, आणि सगळे गाव किल्ल्यात मेजवानीला. जेवणानंतर तोफांची सलामी झाली, बंदरातल्या जहाजांनी तिला उत्तर दिले.

या वर्णनातली एक ओळ मराठी वाचकाने थांबून वाचावी अशी आहे. चर्चभोवती स्थानिक लोकांची मोठी गर्दी होती आणि तीत रामा कामती आपल्या ज्ञातीच्या लोकांसह उभे होते. उपासनेतली शिस्त आणि नेटकेपणा त्यांना इतका आवडला की शेवटपर्यंत ते हलले नाहीत. रामा कामती म्हणजे त्या काळच्या मुंबईतले बडे शेणवी व्यापारी. वाळकेश्वराचे देऊळ १७१५ च्या सुमारास पुन्हा उभे केल्याचे श्रेय त्यांना दिले जाते. एक देऊळ बांधणारा माणूस दुसऱ्यांच्या देवघराच्या दाराशी उभा राहून शेवटपर्यंत ऐकतो, हे दृश्य मुंबईला शोभणारे आहे. पुढचा भाग तितका शोभणारा नाही. दोन वर्षांच्या आत याच गव्हर्नरांच्या कारकिर्दीत, कान्होजी आंग्र्यांशी संधान बांधल्याच्या आरोपावरून कामतींवर खटला चालला, मालमत्ता जप्त झाली आणि पुढे ते कैदेतच वारले. पुराव्यातली पत्रे बनावट होती असे पुढे अनेकांनी म्हटले. चर्चचा त्याच्याशी संबंध नाही, पण पहिल्या नाताळाच्या पाहुण्याची ही गोष्ट गाळून इतिहास सांगणे बरे दिसणार नाही.

आत बसण्याची व्यवस्था कशी होती? हुद्द्याप्रमाणे. गव्हर्नर आणि कौन्सिलचे सभासद पुढे, त्यांच्या बायका वेगळ्या, मग वरिष्ठ व्यापारी, कनिष्ठ व्यापारी, कारकून, सैनिक. जुन्या आराखड्यात ‘खालच्या दर्जाच्या स्त्रियां’साठीसुद्धा वेगळी बाके दाखवली आहेत. कंपनीची वेतनश्रेणीच लाकडात कोरून काढली म्हणा ना. देवापुढे सारे सारखे, हे उपदेशात ऐकायचे आणि मग आपापल्या पायरीचे बाक सोडून घरी जायचे.

कॉब यांचे आणखी एक काम बाकांपेक्षा टिकाऊ ठरले. चर्च सुरू झाले त्याच सुमारास त्यांनी बारा गरीब मुलांसाठी एक लहान धर्मार्थ शाळा काढली. मुलांना राहायला, जेवायला, कपडे आणि शिक्षण, आणि शिकवायला एकच मास्तर. पुढे १८१५ मध्ये आर्चडीकन जॉर्ज बार्न्स यांनी बॉम्बे एज्युकेशन सोसायटी स्थापन केली, आणि त्याच परंपरेतून १९२५ मध्ये देवळालीची बार्न्स स्कूल उभी राहिली. नाशिककरांना ती शाळा माहीत आहे. तिचे मूळ या चर्चच्या आवाराशी आहे हे कमी जणांना माहीत असते. स्वतः कॉब थोड्याच वर्षांत मायदेशी परतले. ते स्पष्टवक्ते होते एवढे सांगून पुढे जाऊ.

१७२० ते १८१० : कापसाच्या गाठी आणि संगमरवर

पुढची ऐंशी-नव्वद वर्षे उपासनेच्या दृष्टीने संथ गेली. चर्चसमोर बॉम्बे ग्रीन हे मोकळे मैदान होते. तिथे कापसाच्या गाठी रचलेल्या असत, पालख्या उभ्या असत, कवायती होत. कापसाचा बाजार १८४४ मध्ये कुलाब्याला हलला, तोवर रविवारच्या स्तोत्रांना गाठींचा शेजार होता.

पुढे या चर्चला शहराच्या भूगोलात एक जागा मिळाली. मुंबईतल्या रस्त्यांवर मैलाचे दगड बसले ते संत थॉमसच्या चर्चपासून मोजून. जाड काळ्या दगडावर रोमन आकडा आणि खाली चर्चचे नाव. यांतले काही दगड अजून फुटपाथमध्ये अर्धेमुर्धे गाडलेले सापडतात. कोणी त्यावर टेकून भाजी विकते, कुठे कोणी शेंदूर फासून देवही केला आहे. शहर जिथून मोजायचे ते ठिकाण हे, असा याचा अर्थ.

भिंतींवर संगमरवरी स्मारके चढू लागली ती मात्र याच काळात. आत शिरल्यावर माणूस आधी वेदीकडे पाहतो आणि मग या स्मारकांतच अडकतो. १७८३-८४ मध्ये टिपू सुलतानाच्या वेढ्यात मंगळूर लढवणारे कर्नल कॅम्पबेल इथे आहेत. ज्यांच्या जहाजावर १८१५ मध्ये नेपोलियनने शरणागती पत्करली ते फ्रेडरिक मेटलंड इथे आहेत. १८३९ मध्ये मुंबईजवळ समुद्रातच त्यांना मृत्यू आला. सर्वांत पाहण्यासारखे स्मारक गव्हर्नर जोनाथन डंकन यांचे. १७९५ ते १८११ अशी सोळा वर्षे ते मुंबईचे गव्हर्नर होते. काशीच्या परिसरात आणि नंतर काठेवाडात मुलींच्या जन्मतःच होणाऱ्या हत्या थांबवण्यासाठी त्यांनी प्रयत्न केले. स्मारकात संगमरवराची लहान हिंदू मुले आहेत, ती त्याच कामाची आठवण म्हणून. पण खरे वाचण्यासारखे आहे ते कडेच्या लहान पाट्यांवर. वीस वर्षांचा लेफ्टनंट, बाळंतपणात गेलेली बायको, जहाजावरून उतरून महिन्याभरात ताप येऊन गेलेला कारकून. मोठ्या माणसांच्या स्मारकांना शिल्पकार लंडनचे लागले. या पाट्यांवर नुसती वये आहेत.

१८१० ते १८४० : चर्चचे कॅथेड्रल झाले

कलकत्त्याचे पहिले अँग्लिकन बिशप टॉमस मिडलटन १८१६ मध्ये मुंबईला आले आणि ७ जुलै रोजी त्यांनी या चर्चचा विधिपूर्वक अभिषेक करून ते प्रेषित थोमाला, म्हणजेच संत थॉमसला, अर्पण केले. उपासना सुरू झाल्यावर अठ्ठ्याण्णव वर्षांनी हा विधी झाला, कारण तोवर भारतात अँग्लिकन बिशपच नव्हता. थोमा हे नावही योग्यच. तो इ.स. ५२ मध्ये मलबार किनाऱ्यावर उतरला आणि चेन्नईजवळ हुतात्मा झाला, अशी दक्षिणेकडच्या ख्रिस्ती समाजाची परंपरा. येशूच्या जखमांना हात लावल्याशिवाय मी मानणार नाही, असे म्हणणारा हा शिष्य. पुराव्यावाचून व्यवहार न करणाऱ्या व्यापारी शहराला तो शोभतो.

१८३७ मध्ये मुंबईचा स्वतंत्र धर्मप्रांत झाला, टॉमस कार हे पहिले बिशप झाले आणि त्यांचे आसन इथे आल्यामुळे चर्चचे कॅथेड्रल झाले. पुढच्याच वर्षी जुन्या बुटक्या घंटाघराच्या जागी उंच मनोरा आणि त्यात घड्याळ आले. बिशप कार यांची निजलेली संगमरवरी मूर्ती कॅथेड्रलमध्येच आहे.

१८६० चे दशक : तट पडला, गायनवृंद उभा राहिला

हे दशक मुंबईचे तसेच कॅथेड्रलचेही. अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, लँकेशायरला कापूस मिळेना, आणि मुंबईत पैशांचा पाऊस पडला. गव्हर्नर बार्टल फ्रियर यांनी किल्ल्याचे तट पाडायला काढले. ग्रीनच्या जागी एल्फिन्स्टन सर्कल आखले गेले, तेच आजचे हॉर्निमन सर्कल. कॅथेड्रलच्या विश्वस्तांनीही मोठा आराखडा हाती घेतला. वास्तुविशारद जेम्स ट्रबशॉ यांनी वेदीकडचा भाग वाढवून उंच, टोकदार कमानींचा केला आणि ऑर्गनसाठी वेगळी जागा काढली. १८६५ मध्ये शेअरबाजार कोसळला आणि इतर कित्येक योजनांबरोबर बाकीचे बेतही कागदावर राहिले. म्हणून आजही आत शिरल्यावर दोन शतके एकमेकांना चिकटलेली दिसतात. बसण्याचा भाग साधा, जाड खांबांचा, अठराव्या शतकातला, वेदीकडचा व्हिक्टोरियन. काहींना हा बेमेळ वाटतो. मला तो आवडतो; पैसे कुठपर्यंत पुरले ते इमारतीने लपवलेले नाही.

दारासमोरचे कारंजे याच काळातले. आराखडा लंडनच्या गिल्बर्ट स्कॉट यांचा, पैसे पारशी दानशूर कावसजी जहांगीर रेडिमनी यांचे. अँग्लिकन कॅथेड्रलच्या दारातले पाणी पारशी माणसाने द्यावे, यात तेव्हाच्या मुंबईला काही विशेष वाटले नाही.

१८६० मध्ये गायनवृंदासाठी मुले तयार व्हावीत म्हणून कॅथेड्रलशी संलग्न शाळा निघाली. तीच आजची कॅथेड्रल अँड जॉन कॉनन स्कूल. मुलांना गावे लागे ते काय, हे थोडे सांगायला हवे. अँग्लिकन प्रार्थनापुस्तकात बायबलमधली दीडशे स्तोत्रे महिन्याच्या तीस दिवसांत, सकाळ आणि संध्याकाळ अशी वाटून दिलेली आहेत. दर महिन्याला सगळी स्तोत्रे एकदा पुरी होतात आणि पहिल्या तारखेला पुन्हा आरंभ. आपल्याकडच्या पारायणासारखेच. यात काही दिवस सोपे असतात आणि काही परीक्षा पाहणारे. पंधरा तारखेच्या संध्याकाळी ७८ वे स्तोत्र येते, ते बहात्तरहून अधिक ओव्यांचे. मे महिन्यात, अंगात पांढरे झगे घालून, ते गाणाऱ्या मुलांचे हाल कोणत्या संस्थेच्या इतिहासात येत नाहीत. रोजची उपासना टिकते ती मात्र अशा न चुकवलेल्या पंधरा तारखांवर.

१८७० ते १९३० : बिशपांचा मुलूख

मुंबईच्या बिशपांचा कारभार शहरापुरता नव्हता. पुण्यापासून नाशिक, कोल्हापूरपर्यंतची अँग्लिकन कामे या धर्मप्रांतात येत. पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये १८९० मध्ये न्या. रानडे, लोकमान्य टिळक आदी मंडळींनी चहा घेतला आणि त्यावरून सनातन्यांनी ग्रामण्य उठवले. तो चहा अँग्लिकनांच्या घरचा होता. टिळकांना प्रायश्चित्ताचे सोपस्कार करावे लागले. मिशनचा चहा तेव्हापासून मराठी इतिहासात अजरामर झाला.

१९११ मध्ये दिल्ली दरबारासाठी आलेले बादशहा पंचम जॉर्ज आणि राणी मेरी इथल्या उपासनेला आले. ते ज्या खुर्च्यांवर बसले त्या जपून ठेवल्या आहेत. पाहुणे आवर्जून त्यांचे फोटो काढतात. माझे मत विचाराल तर जवळच्या लेफ्टनंट हेन्री बॉवर्स यांच्या स्मारकापाशी थांबावे. रॉयल इंडियन मरीनचा हा अधिकारी, मुंबईच्या उकाड्यात नोकरी केलेला, कॅप्टन स्कॉट यांच्याबरोबर दक्षिण ध्रुवावर पोहोचला आणि १९१२ मध्ये परतीच्या वाटेवर बर्फात मेला.

१९३० मध्ये कायद्याने भारतातले अँग्लिकन चर्च इंग्लंडच्या चर्चपासून वेगळे आणि स्वायत्त झाले. सरकारी चर्च ही ओळख तेव्हापासून सुटू लागली.

१९४७ ते १९८० : बाके मोकळी झाली आणि भरली

स्वातंत्र्यानंतर इंग्रज कुटुंबे निघून गेली आणि पुढची बाके रिकामी पडली. सरकारी अनुदान, सरकारी पाद्री, सरकारी मानमरातब यांवर उभी असलेली संस्था अशा वेळी कोसळायची. ती सावरली ती भारतीय मंडळींनी. वर्गणी, दुरुस्ती, रविवारची शाळा, गायनाचा सराव, सगळे त्यांनी अंगावर घेतले. या पिढीत मतभेद झाले नाहीत असे नाही. पण रविवार चुकला नाही.

२९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपूरला सहा प्रॉटेस्टंट परंपरा एकत्र आल्या आणि चर्च ऑफ नॉर्थ इंडिया स्थापन झाले. त्यात अँग्लिकन होते आणि अमेरिकन मराठी मिशनच्या मंडळ्यांचा वारसा घेऊन आलेले युनायटेड चर्चही होते. ही घटना मराठी दृष्टीने फार मोठी आहे आणि तिच्याकडे आपण पुरेसे पाहिलेले नाही. रेव्हरंड नारायण वामन टिळकांचा बाप्तिस्मा १८९५ मध्ये मुंबईतच झाला, पण अमेरिकन मिशनच्या चर्चमध्ये. ओवी-अभंगांत, टाळ-मृदंगावर ख्रिस्त गाणारी टिळकांची परंपरा आणि ऑर्गनवर इंग्रजी स्तोत्रे म्हणणारी ही कॅथेड्रलची परंपरा एकाच शहरात वेगवेगळ्या छपरांखाली नांदत होत्या. ज्ञानोबा-तुकोबांच्या वाटेने ख्रिस्ताकडे जाणारे टिळक आणि लंडनच्या वाटेने आलेले संत थॉमस १९७० नंतर एका चर्चचे झाले. ‘उपासना संगीत’ हातात घेऊन गाणारी अहमदनगरची मंडळी आणि इथली मंडळी आता एकमेकांची भावंडे आहेत. बिशपांच्या नेमणुकांपेक्षा मला हा बदल मोठा वाटतो.

२००० चे दशक : गळती, चुना आणि पुरस्कार

जवळजवळ तीनशे वर्षांच्या इमारतीला म्हातारपणाचे सगळे विकार होते. पावसाळ्यात छप्पर गळे, भिंतींत ओल चढे. वास्तुविशारद वृंदा सोमाया यांच्या मार्गदर्शनाखाली संवर्धनाचे काम झाले आणि २००४ मध्ये त्याला युनेस्कोचा आशिया-पॅसिफिक वारसा संवर्धन पुरस्कार मिळाला. देणगीदार, विश्वस्त, कारागीर, सगळ्यांचे हे यश. १७१८ मध्ये कारागिरांची नावे राहून गेली. निदान या खेपेची कुणीतरी नोंदवून ठेवावीत.

आज

आजचा दिवस कसा असतो? सकाळी दार उघडते. वेदीवरचे कापड पाहिले जाते. आगमनकाळात आणि उपवासकाळात ते जांभळे, नाताळात आणि पुनरुत्थानदिनी पांढरे. झाडलोट होते. दहा-अकराच्या सुमारास पर्यटक येतात. दुपारी फोर्टातल्या कचेऱ्यांतली माणसे येतात, त्यात ख्रिस्ती असतातच असे नाही. कोणी हात जोडून बसते, कोणी नुसतेच डोळे मिटून. बाहेर वीर नरिमन रस्त्यावर भोंगे वाजत असतात आणि आत जाड भिंतींमुळे गारवा असतो. मुंबईत फुकट मिळणारी ही चैन लोकांनी ओळखली आहे. शनिवारी लग्ने. रविवारी प्रभुभोजनाची उपासना, बाप्तिस्मा असला तर थोडी लांबलेली. झावळ्यांच्या रविवारी हातात झावळ्या घेतलेली मंडळी, गुड फ्रायडेला भर दुपारची दीर्घ प्रार्थना, नाताळच्या मध्यरात्री पाय ठेवायला जागा नाही इतकी गर्दी, आणि तीत ख्रिस्ती नसलेले शेजारीही. आता कोणी दाराबाहेर उभे राहत नाही. राहिले तर ते आत जागा नसते म्हणून. बाकांवर कोणाचे नाव वा हुद्दा नाही, जो आधी येईल तो पुढे बसतो. बहुतेक जण मागेच बसतात, हा भाग वेगळा.

या तीनशे वर्षांत ज्यांनी इमारत राखली त्यांत बिशपांची आणि पाळकांची नावे आपल्याला मिळतात. घंटा वाजवणारे, घड्याळाला किल्ली देणारे, ऑर्गनचा भाता ओढणारे, फुले लावणाऱ्या भगिनी, संगमरवर पुसणारे, रजिस्टरे सांभाळणारे कारकून, यांची नावे मंडळींच्या घरांतूनच मिळू शकतील. ज्यांच्याकडे जुने फोटो, गायनवृंदाच्या याद्या, लग्नाचे किंवा बाप्तिस्म्याचे दाखले, पत्रे असतील, ज्यांचे आईवडील किंवा आजी-आजोबा या कॅथेड्रलात कोणत्याही कामावर होते, त्यांनी ती माहिती कॅथेड्रलच्या कार्यालयात आणून द्यावी. नक्कल करून मूळ कागद परत दिले जातील.